खणात न मावलेली गाणी : ल्युसिंडा विल्यम्सची कारकीर्द समजून घेताना

१९८०च्या दशकाच्या मध्यावर सीबीएस या बड्या रेकॉर्ड कंपनीनं लॉस एंजेलिसमधल्या एका गायिकेला काही महिन्यांचा खर्च दिला आणि सांगितलं, गाणी लिही आणि डेमो करून आण. ल्युसिंडा विल्यम्सनं तिशी ओलांडली होती. तिनं टेप करून दिली. कंपनीच्या लॉस एंजेलिसमधल्या रॉकवाल्यांनी ती ऐकली आणि म्हणाले, हे आमच्यासाठी फार कंट्री आहे. मग टेप नॅशव्हिलच्या कंट्रीवाल्यांकडे गेली. तिथून उत्तर आलं, हे आमच्यासाठी फार रॉक आहे. दोन्हीकडची दारं बंद झाली.

आज या बाईंच्या नावावर तीन ग्रॅमी आहेत, आणि ज्याला ऑल्टरनेटिव्ह कंट्री किंवा नुसतं ऑल्ट-कंट्री म्हणतात त्या प्रवाहात तिचं नाव पहिल्या काही नावांत घेतलं जातं. पण मोठं यश मिळालं तेव्हा ती पंचेचाळीस वर्षांची होती. इतका उशीर का झाला, याचं ठरलेलं उत्तर म्हणजे ती भारी चिकित्सक, तिचं कशानंच समाधान होत नाही. मला हे उत्तर अपुरं वाटतं, आणि काहीसं अन्यायाचंही. तिची कारकीर्द नीट कळायची तर अमेरिकेतला संगीताचा धंदा कसा चालतो हे थोडं उघडून पाहावं लागतं. म्हणून हा लेख.

सुरुवात रेडिओपासून करू. अमेरिकेत खासगी रेडिओ स्टेशनचा धंदा जाहिरातींवर चालतो. जाहिरातदाराला ठरावीक वयाचा, ठरावीक खर्च करणारा श्रोता हवा असतो. म्हणून प्रत्येक स्टेशन एकच प्रकार धरतं. कुणी फक्त कंट्री लावतं, कुणी फक्त रॉक, कुणी फक्त जुनी लोकप्रिय गाणी. या ठरलेल्या प्रकाराला तिथं फॉरमॅट म्हणतात. गाणं कुठल्याच फॉरमॅटमध्ये बसत नसेल तर ते वाजत नाही. वाजलं नाही तर दुकानदार रेकॉर्ड मागवत नाही, कारण त्यालाही ती कुठल्या खणात ठेवायची हे कळत नाही. रेकॉर्ड कंपन्यांनीही आपले विभाग याच खणांप्रमाणे पाडले होते. ल्युसिंडाची टेप लॉस एंजेलिसहून नॅशव्हिलला गेली आणि दोन्हीकडे नाकारली गेली, ती त्यामुळे.

आता कंट्री म्हणजे काय? टेनेसी, व्हर्जिनिया, केंटकीच्या डोंगराळ भागातली लोकगीतं, चर्चमधली भजनं, कृष्णवर्णीयांचे ब्लूज आणि आफ्रिकेतून आलेल्यांनी सोबत आणलेला बँजो, या सगळ्याच्या मिश्रणातून हे संगीत घडलं. १९२७ मध्ये ब्रिस्टल या गावात एका रेकॉर्ड कंपनीनं तात्पुरता स्टुडिओ थाटून स्थानिक गाणाऱ्यांना बोलावलं. कार्टर फॅमिली आणि जिमी रॉजर्स तिथूनच पुढे आले. पुढं नॅशव्हिल हे या धंद्याचं केंद्र झालं. १९५०च्या दशकाअखेर रॉक अँड रोलनं श्रोते पळवले, तेव्हा चेट अॅटकिन्स आणि ओवेन ब्रॅडली यांच्यासारख्या निर्मात्यांनी फिडल (लोकशैलीत वाजवलं जाणारं व्हायोलिन) आणि स्टील गिटार मागे सारून व्हायोलिनांचा ताफा आणि कोरस पुढे आणला. आवाज गुळगुळीत झाला, शहरी घरांतही चालू लागला. तेव्हापासून कंट्रीत एक ताण कायम आहे. धंदा संगीताला मऊ करतो आणि कुणीतरी बंड करून त्याला पुन्हा खरखरीत करतं.

ऑल्ट-कंट्री हे असंच एक बंड, फक्त ते पंक (रॉकचाच रांगडा, बंडखोर प्रकार) आणि रॉक ऐकून वाढलेल्या पोरांनी केलं. १९७०च्या आसपास ग्रॅम पार्सन्सनं रॉक आणि कंट्रीचं लग्न लावून दिलंच होतं. १९९० मध्ये इलिनॉय राज्यातल्या बेलव्हिल गावच्या अंकल टुपेलो या बँडनं पहिला अल्बम काढला. त्यात गोंगाटी गिटारींच्या बरोबरीनं कार्टर फॅमिलीचं १९३६चं मंदीवरचं एक धार्मिक गाणं होतं. त्या गाण्यावरून अल्बमचं नाव ठेवलं गेलं, नो डिप्रेशन. १९९५ मध्ये त्याच नावाचं मासिक निघालं आणि एवढे दिवस विखुरलेल्या श्रोत्यांना आपण एक जमात आहोत हे कळलं. पण त्या वेळेपर्यंत ल्युसिंडा पंधरा-वीस वर्षं हेच गात होती. खण नंतर तयार झाला, त्यात ठेवायचा माल आधीपासून होता.

तिचा जन्म २६ जानेवारी १९५३चा, लुइझियानातल्या लेक चार्ल्सचा. वडील मिलर विल्यम्स हे कवी आणि प्राध्यापक. १९९७ मध्ये बिल क्लिंटन यांच्या दुसऱ्या शपथविधीला कविता वाचण्याचा मान त्यांना मिळाला होता. आईला पियानोची आवड होती. पण ती मनाच्या आजारानं त्रस्त होती. आईवडील वेगळे झाले आणि मुलं वडिलांकडे वाढली. प्राध्यापकी स्थिर नव्हती, म्हणून घर सतत हलत राहिलं. मिसिसिपी, जॉर्जिया, लुइझियाना, आर्कान्सा, मध्ये काही काळ चिली आणि मेक्सिको. जॉर्जियात असताना वडील कथालेखिका फ्लॅनरी ओ'कॉनर यांना भेटायला जात, आणि छोटी ल्युसिंडा त्यांच्या शेतावर मोरांच्या मागे धावायची. घरी लेखकांचा राबता होता, लिहिणं हे रोजचं काम होतं. १९६५ मध्ये वडिलांच्या एका विद्यार्थ्यानं बॉब डिलनचा नवा अल्बम घरी आणला. बारा वर्षांच्या मुलीला त्यात एकाच जागी दोन गोष्टी सापडल्या : घरातली कविता आणि बाहेरची गिटार.

आपल्याकडे भावगीतात कवी वेगळा, संगीतकार वेगळा, गायक वेगळा, ही वाटणी इतकी अंगवळणी पडलीय की गीतकार-गायक या प्रकाराचं वजन चटकन लक्षात येत नाही. तिथं शब्द, चाल आणि आवाज एकाच माणसाचे असतात. गाण्यातला ‘मी’ म्हणजे समोर उभी असलेली व्यक्तीच, असं श्रोता धरून चालतो. ल्युसिंडानं आपलं लिखाण वर्षानुवर्षं वडिलांना दाखवलं. एका कवीच्या नजरेखालून गेलेल्या ओळी तिच्या गाण्यात आहेत, आणि ते ऐकताना कळतं.

पहिले दोन अल्बम फोकवेज या छोट्या कंपनीनं काढले. १९७९ मध्ये जुन्या ब्लूज आणि कंट्री गाण्यांचा आणि १९८० मध्ये तिच्या स्वतःच्या गाण्यांचा. फोकवेज ही लोकसंगीत जपणारी कंपनी होती, विकणारी नव्हे. पुढची आठ वर्षं तिचा एकही अल्बम आला नाही. ऑस्टिन, ह्यूस्टन, मग लॉस एंजेलिस. पोटासाठी मिळतील ती कामं करायची आणि रात्री बारमध्ये गायचं.

नाकारली गेलेली ती टेप अखेर रफ ट्रेडला आवडली. ही ब्रिटिश कंपनी, ओळख पंकची. ज्यांना कंट्रीच्या खणाशी काही देणंघेणं नव्हतं त्यांनाच ही गाणी नुसती गाणी म्हणून ऐकता आली, हे मला फार बोलकं वाटतं. १९८८ मध्ये तिच्याच नावाचा अल्बम आला. गिटारवर गर्फ मॉर्लिक्स, आवाज स्वच्छ, वाद्यांची गर्दी नाही. त्यात ‘पॅशनेट किसेस’ नावाचं एक गाणं होतं. बाईला अंथरूण-पांघरूण हवंय, पोटभर जेवण हवंय, आवाज करणारा बँड हवाय, लिहायला वेळ हवाय आणि उत्कट प्रेमही हवंय. ती विचारते, हे मागणं जास्त आहे का? १९९१ मध्ये रफ ट्रेड बुडाली. अल्बम दुकानांतून नाहीसा झाला.

गाणं मात्र नाहीसं झालं नाही. का, हे समजून घ्यायला हवं, कारण अशा कलाकाराचा संसार त्यावरच चालतो.

कायद्याच्या दृष्टीनं तुम्ही ऐकता त्या प्रत्येक ट्रॅकमध्ये दोन वेगळ्या मालमत्ता असतात. एक म्हणजे रचना : शब्द आणि चाल. दुसरी म्हणजे ध्वनिमुद्रण : त्या दिवशी त्या स्टुडिओत झालेलं विशिष्ट गायन-वादन, ज्याला धंद्यात मास्टर म्हणतात. मास्टर बहुतेक वेळा रेकॉर्ड कंपनीकडे असतो, कारण स्टुडिओचा खर्च तिनं केलेला असतो. हा खर्च आणि गायकाला दिलेली आगाऊ रक्कम कंपनी त्याच्याच रॉयल्टीतून आधी वसूल करते. ती वसुली पूर्ण होईपर्यंत गायकाच्या हाती त्या रेकॉर्डच्या विक्रीतून काही पडत नाही. असंख्य गायक त्या रेषेच्या पलीकडे कधी जातच नाहीत.

रचनेचा हिशेब निराळा. ती लिहिणाऱ्याची आणि त्याच्या प्रकाशकाची असते. अमेरिकेत १९०९च्या कायद्यापासून अशी सोय आहे की एखादं गाणं एकदा रेकॉर्ड होऊन बाजारात आलं, की दुसरा कुणीही ते स्वतःच्या आवाजात रेकॉर्ड करू शकतो. लेखकाच्या परवानगीची गरज नाही, पण ठरलेल्या दरानं पैसे द्यावेच लागतात. १९९२ मध्ये हा दर विकल्या गेलेल्या प्रत्येक प्रतीमागे सव्वासहा सेंट होता. दिसायला क्षुल्लक रक्कम आहे. पण दहा लाख प्रती खपल्या तर या दरानं एका गाण्याचे साडेबासष्ट हजार डॉलर होतात, जे लेखक आणि प्रकाशक वाटून घेतात. इथं स्टुडिओच्या खर्चाची वजावट नसते, पहिल्या प्रतीपासून हिशेब सुरू होतो.

मेरी चेपिन कार्पेंटर या कंट्री गायिकेनं ‘पॅशनेट किसेस’ १९९२च्या आपल्या अल्बममध्ये घेतलं. अल्बम चाळीस लाखांवर खपला. गाणं १९९३ मध्ये कंट्री यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत गेलं आणि रेडिओवर सतत वाजलं. आता अमेरिकेतली एक विचित्र गोष्ट ऐका. तिथं साध्या रेडिओवर गाणं वाजलं की स्टेशन लेखकाला आणि प्रकाशकाला पैसे देतं, गायकाला देत नाही. म्हणजे रेडिओ कार्पेंटरचा आवाज वाजवत होता आणि त्या वाजण्याची रॉयल्टी ल्युसिंडाच्या बाजूला जात होती. १९९४ मध्ये कंट्रीतल्या सर्वोत्तम गाण्याचं ग्रॅमी लेखिका म्हणून तिला मिळालं. ज्या नॅशव्हिलनं तिची टेप परत पाठवली होती, त्याच नॅशव्हिलच्या रेडिओवर तिची ओळन् ओळ वाजत होती. फक्त आवाज दुसरीचा होता आणि कडा थोड्या घासून गुळगुळीत केलेल्या होत्या. टॉम पेटी, एमिलू हॅरिस, पॅटी लव्हलेस यांनीही तिची गाणी गायली. ऑल्ट-कंट्रीतल्या कितीतरी जणांना मान आधी लेखक म्हणून मिळाला आणि गायक म्हणून नंतर, तो याच रस्त्यानं.

या सगळ्या काळात तिच्या पायाखालची कंपनी मात्र टिकत नव्हती. एका बड्या कंपनीशी करार झाला, त्यांनी तिच्या गाण्यांचं मिक्सिंग (गळा आणि वाद्यांचं प्रमाण जुळवणं) परस्पर रेडिओला गोड लागेल असं करून घेतलं. तिला ते पटलं नाही आणि ती बाहेर पडली. हातात पैसा नसताना केलेली ही गोष्ट आहे. मग १९९२चा ‘स्वीट ओल्ड वर्ल्ड’ कमिलियन नावाच्या कंपनीनं काढला आणि थोड्याच काळात तीही बंद पडली. या अल्बममधलं एक गाणं फ्रँक स्टॅनफर्ड या कवीबद्दल आहे. आर्कान्सात तो वडिलांच्या वर्तुळातला, १९७८ मध्ये वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी त्यानं आयुष्य संपवलं. गाण्यात हुंदका नाही. बातमी कशी कळली, दफनाला कोण आलं, कोण कुठं उभं होतं, एवढंच सांगितलंय. एवढंच पुरतं.

आता ज्या अल्बमवरून तिला चिकित्सक ठरवलं गेलं त्याकडे येऊ. ‘कार व्हील्स ऑन अ ग्रॅव्हल रोड’चं ध्वनिमुद्रण १९९५ मध्ये ऑस्टिनमध्ये सुरू झालं, निर्माता तिचा जुना साथीदार मॉर्लिक्स. काम बरंच झालं होतं. मध्येच ती स्टीव्ह अर्ल या गीतकार-गायकाच्या एका रेकॉर्डवर त्याच्यासोबत गायली. तिथला आवाज ऐकून तिला वाटलं, माझा गळा असा ऐकू यायला हवा. अर्ल आणि त्याचा सहकारी रे केनेडी जुनी अॅनालॉग यंत्रं वापरत. आवाज जवळचा, उबदार लागे. तिनं नॅशव्हिलला जाऊन सगळा अल्बम पुन्हा रेकॉर्ड केला. मॉर्लिक्सशी असलेलं अनेक वर्षांचं नातं त्यात तुटलं. मग अर्लचे दौरे सुरू झाले, त्याच्याशीही खटके उडाले. उरलेलं काम तिनं लॉस एंजेलिसमध्ये रॉय बिटन या, रॉक गायक ब्रूस स्प्रिंगस्टीनच्या बँडमधल्या कीबोर्डवादकासोबत पुरं केलं. रेकॉर्ड तयार झाली तर तिच्या तेव्हाच्या कंपनीचा वितरणाचा घोळ. शेवटी मर्क्युरीनं ती घेतली आणि ३० जून १९९८ रोजी ती बाजारात आली.

मधल्या काळात, १९९७ मध्ये, न्यूयॉर्क टाइम्सच्या रविवारच्या मासिकात तिच्यावर मोठा लेख आला आणि तिची प्रतिमा ठरून गेली : निर्णय न घेता येणारी, पुन्हा पुन्हा तेच करणारी बाई. रॉकमध्ये अल्बमसाठी वर्षंच्या वर्षं घालवणारे पुरुष कमी नाहीत. त्यांना ध्यास घेतलेले कलावंत म्हणतात. शिवाय मधल्या सहा वर्षांतला मोठा हिस्सा बुडणाऱ्या कंपन्या आणि अडकलेले करार यांनी खाल्ला, हे त्या चित्रात नीट येत नाही. निर्मात्याचं काम काय असतं ते पाहिलं तर तिची अस्वस्थता सहज कळते. कुठला माइक, ढोल किती पुढे, गळ्यावर घुमारा किती, कुठला टेक ठेवायचा हे निर्माता ठरवतो. शब्दप्रधान गाण्यात गळा दोन पावलं मागे गेला तर शब्द हरवतात आणि गाणं मरतं. ती आपल्या शब्दांची राखण करत होती.

आणि राखण्यासारखंच होतं ते. शीर्षकगीत गाडीच्या मागच्या सीटवरच्या मुलीचं आहे. स्वयंपाकघरातला वास, रेडिओ, मोठ्यांचं कुजबुजणं, अचानक सामान आवरून निघणं. वडिलांनी ते पहिल्यांदा ऐकलं आणि तिच्याजवळ येऊन ‘मला माफ कर’ म्हणाले. तोवर ते मूल आपणच आहोत हे तिलाही नीट उमगलं नव्हतं, असं तिनं पुढं अनेकदा सांगितलं आहे. दुसरं एक गाणं ब्लेझ फोलीवरचं. हा ऑस्टिनचा अवलिया गीतकार कपड्याबुटांना चिकटपट्टी लावून हिंडायचा. १९८९ मध्ये गोळी लागून गेला. तिसरं तिच्या एके काळच्या सोबत्यावरचं, जो जन्मला टेक्सासात पण आपण लेक चार्ल्सचेच असं सांगायचा.

तिची लिहिण्याची रीत पाहा. ती भावनेचं नाव घेत नाही, गावाचं घेते. ‘जॉय’ या गाण्यात कुणीतरी तिचा आनंद हिरावून नेलाय. ती म्हणते, मी तो शोधायला वेस्ट मेम्फिसला जाते, नाही सापडला तर स्लायडेलला जाते. ही नकाशावरची खरी गावं आहेत, एक आर्कान्सातलं, एक लुइझियानातलं. आनंद तिथं कुठंतरी पडलेला असणार आणि आपण गाडी काढून आणायचा, इतकी ती ठाम आहे. तीच ओळ पुन्हा पुन्हा येते, ब्लूजमध्ये येते तशी, आणि दर वेळी राग एक पायरी वर चढतो. तिचा उच्चार दक्षिणेचा, ओघळणारा. शब्दाचं शेपूट ती बरेचदा अर्धवट सोडून देते.

त्या अल्बमला समकालीन लोकसंगीताचं ग्रॅमी मिळालं, म्हणजे खणाचा प्रश्न तिथंही होताच : तिचं एक ग्रॅमी कंट्रीतलं, एक फोकमधलं, आणि २००२चं तिसरं रॉकमधलं! व्हिलेज व्हॉइस या साप्ताहिकानं घेतलेल्या समीक्षकांच्या वार्षिक कौलात १९९८चा पहिला क्रमांक याच अल्बमला होता. रेडिओवर मोठा हिट नसताना तो पाच लाखांवर खपला. १९९६च्या दूरसंचार कायद्यानं एका कंपनीनं देशभरात किती स्टेशनं घ्यावीत यावरची मर्यादा उठवली होती, रेडिओ आणखी एकसुरी होत चालला होता. या काळात अशा गाण्यांना जगवलं ते मासिकांनी, विद्यापीठांच्या रेडिओनं आणि छोट्या सभागृहांतल्या कार्यक्रमांनी. १९९९ मध्ये अमेरिकाना म्युझिक असोसिएशन स्थापन झाली आणि या मधल्या संगीताला अखेर स्वतःचा खण मिळाला.

पुढच्या अल्बमांवर मी भराभर जाते; सगळेच सारखे ताकदीचे नाहीत. २००३चा ‘वर्ल्ड विदाउट टियर्स’ मला सर्वांत धीट वाटतो. २०१४ मध्ये तिनं स्वतःची कंपनी काढली, हायवे २० रेकॉर्ड्स. तिथला पहिला अल्बम दुहेरी होता, आणि त्याचं नाव वडिलांच्या एका कवितेतल्या ओळीवरून घेतलेलं. ती कविता चाल लावून तिनं त्यात गायली. वडील १ जानेवारी २०१५ रोजी गेले. २०१७ मध्ये तिनं १९९२चा तो जुना अल्बम पुन्हा नव्यानं रेकॉर्ड करून याच कंपनीतून काढला. रचना आणि मास्टर या दोन मालमत्ता वेगळ्या असतात म्हणूनच हे करता येतं : गाणी तीच, ध्वनिमुद्रण नवं.

नोव्हेंबर २०२० मध्ये नॅशव्हिलमधल्या घरी तिला पक्षाघाताचा झटका आला. डावी बाजू अधू झाली. गिटारवर सूर धरतो तो डावा हात. म्हणजे ज्या वाद्यावर तिनं आयुष्यभर गाणी बांधली ते वाजवणं थांबलं. गळा शाबूत होता. २०२१च्या जुलैत ती पुन्हा मंचावर आली, गिटार इतरांच्या हाती देऊन. मग तिनं लिहिण्याची पद्धतच बदलली. जन्मभर एकटीनं लिहिणारी ही बाई आता नवरा टॉम ओव्हरबी, गायक जेसी मॅलिन आणि आपला रोड मॅनेजर ट्रॅव्हिस स्टीफन्स यांच्यासोबत बसून गाणी करू लागली. २०२३चा अल्बम असा झाला. त्यातल्या दोन गाण्यांत ब्रूस स्प्रिंगस्टीन आणि पॅटी स्कॅल्फा यांचे साथीचे आवाज आहेत. त्याच वर्षी तिचं आत्मचरित्रही आलं.

ऐकायला कुठून सुरुवात करावी, असं कुणी विचारलं तर मी १९९८च्या अल्बमआधी एक छोटं काम सांगते. ‘पॅशनेट किसेस’ आधी कार्पेंटरच्या आवाजात ऐका, मग १९८८चं ल्युसिंडाचं. कार्पेंटर सुरेख गाते, प्रत्येक स्वर जागच्या जागी, मागणी हसतमुख. ल्युसिंडाचा आवाज मध्येच चिरकतो आणि मागणाऱ्या बाईच्या घरात या गोष्टी खरोखरच नाहीत हे लगेच कळतं. त्यानंतर ‘कार व्हील्स’ लावा, गाण्यांचा क्रम न बदलता, आणि शक्य असेल तर शेजारी अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांचा, म्हणजे टेक्सास ते जॉर्जिया या पट्ट्याचा नकाशा उघडून ठेवा.